पन्नास लाखांचे गृहकर्ज खरोखर कितीला पडते?

आधी तुमचा प्रश्न माझ्या शब्दांत मांडते, म्हणजे उत्तर नेमके कशाला आहे ते स्पष्ट राहील. तुम्ही दोघेही नोकरी करता आणि पुण्यात ६५ लाखांचा, ताबा तयार असलेला दोन बेडरूमचा फ्लॅट घेण्याच्या विचारात आहात. त्यासाठी ५० लाखांचे कर्ज ८.५ टक्के बदलत्या दराने मिळत आहे. २० वर्षांच्या मुदतीला हप्ता ४३,३९१ रुपये येतो आणि एकूण परतफेड १ कोटी ४ लाखांच्या घरात जाते. हा आकडा पाहून तुम्ही धास्तावलात, तेव्हा बँकेच्या प्रतिनिधीने ३० वर्षांची मुदत सुचवली, कारण मग हप्ता ३८,४४६ वर येतो. सध्या तुम्ही २२,००० रुपये भाडे भरता. कर्जापेक्षा व्याजच जास्त द्यायचे असेल तर घर घेणे हाच तोट्याचा व्यवहार नाही का, असे तुम्ही विचारले आहे. बाजूला ठेवलेली ६ लाखांची मुदत ठेव मोडून कर्ज कमी करावे का, हा तुमचा दुसरा प्रश्न आहे.

बँकेच्या गृहकर्ज विभागात मी बरीच वर्षे काम केले आहे आणि आता कर्जदारांच्या बाजूने कागद तपासून देते. या अनुभवावरून सांगते की तुमची अडचण व्याजाच्या आकड्यात जितकी आहे, त्याहून अधिक ती तीन वेगळे आकडे एकमेकांत मिसळल्यामुळे झाली आहे. हप्ता आपल्याला झेपेल की नाही एवढेच सांगतो. एकूण व्याज हा वीस वर्षांत वेगवेगळ्या वेळी दिलेल्या रुपयांची बेरीज असतो आणि त्यात २०व्या वर्षीचा रुपयाही आजच्या रुपयाइतकाच धरलेला असतो. घराचा खरा खर्च म्हणजे दर वर्षी तुमच्या हातून जाणारी आणि कोणत्याही रूपात परत न येणारी रक्कम. निर्णय घ्यायचा तो या तिसऱ्या आकड्यावर, आणि तो कोणतेही हप्ता-गणकयंत्र दाखवत नाही. हा आकडा तुम्ही त्या घरात किती वर्षे राहाल, कोणत्या करप्रणालीत आहात, दोघांच्या नोकऱ्या किती स्थिर आहेत आणि त्या भागातील किमती किती वाढतील यांवर अवलंबून असतो. किमती किती वाढतील हे मी सांगू शकत नाही. व्यवहार बरोबरीत सुटायला त्या किती वाढाव्या लागतील, हे मात्र मांडता येते.

प्रथम ५४ लाखांच्या व्याजाकडे पाहू. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर आकारले जाते. पहिल्या महिन्यात पूर्ण ५० लाख शिल्लक असतात, म्हणून ४३,३९१ रुपयांपैकी ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फक्त ७,९७४ रुपयांनी कमी होते. पाच वर्षांनी तुम्ही २६ लाखांहून अधिक भरलेले असता, तरी शिल्लक मुद्दल सुमारे ४४ लाख असते. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, ते ३५ लाख असते आणि मुद्दल निम्म्यावर यायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. बँक सुरुवातीला मुद्दाम व्याज काढून घेते असे अनेकांना वाटते, पण तसे काही नसते. मुद्दल जास्त असताना व्याज जास्त, एवढाच तो हिशेब आहे. परंतु त्यातून एक महत्त्वाची गोष्ट निघते: कर्जाचा खर्च दराइतकाच, किती मुद्दल किती काळ शिल्लक राहते यावर ठरतो, आणि ही दुसरी बाजू बऱ्याच प्रमाणात तुमच्या हातात असते.

त्याच १ कोटी ४ लाखांची दुसरी बाजूही पाहायला हवी. महागाई सरासरी पाच टक्के धरली, तर वीस वर्षांच्या सगळ्या हप्त्यांचे आजच्या रुपयांतील मूल्य सुमारे ६६ लाख होते. म्हणजे आजच्या भाषेत तुम्ही ५० लाखांसाठी ६६ लाख देता. हा आकडा लहान नाही, पण दुप्पट फेडावे लागते हे वाक्य जितके भयानक वाटते तितकी परिस्थिती नसते. अर्थात हा दिलासा तुमचा पगार महागाईबरोबर वाढत राहिला तरच खरा ठरतो.

आता मुदतीचा प्रश्न. ३० वर्षे घेतल्यास हप्ता महिन्याला ४,९४५ रुपयांनी कमी होतो आणि एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाख ४० हजारांवर जाते, म्हणजे ३४ लाखांहून अधिक वाढते. उलट १५ वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ४९,२३७ होतो आणि व्याज ३८ लाख ६३ हजारांवर थांबते. मुदत वाढवत नेली की हप्त्यातील घट दर टप्प्याला लहान होत जाते आणि व्याजातील वाढ मोठी होत जाते. म्हणून २० वर्षांच्या पुढे वाढवलेले प्रत्येक वर्ष फार महाग पडते. ३० वर्षांचे कर्ज घेऊन स्वतःहून दर महिन्याला ४३,३९१ भरले तर तेही वीस वर्षांतच फिटते, आणि नोकरी गेल्यास कमी हप्त्यावर परत येण्याची सोय राहते, असा युक्तिवाद केला जातो. गणित म्हणून तो बरोबर आहे. पण तो फरक प्रत्यक्षात वर्षानुवर्षे शिस्तीने भरणारी कुटुंबे मी फार थोडी पाहिली आहेत. एकच मिळवते माणूस असेल किंवा नोकरी अस्थिर असेल, तर मी २५ वर्षे सुचवते. तुमच्यासारख्या दोन पगारांच्या घराने २० वर्षांच्या पुढे जाऊ नये.

यानंतर व्याजदराकडे येऊ, कारण ८.५ हा आकडा वीस वर्षे टिकणार नाही. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाह्य मानदंडाशी, म्हणजे बँकेने स्वतः न ठरवलेल्या दराशी, जोडलेली असतात. बहुतांशी तो रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते तो दर असतो. मे २०२० ते मे २०२२ या काळात रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५ टक्के झाला आणि २०२५ मध्ये पुन्हा टप्प्याटप्प्याने खाली आला. या चढणीचा कर्जदारावर काय परिणाम झाला ते एका उदाहरणाने सांगते. एखाद्याने ६.७५ टक्क्यांनी ५० लाख वीस वर्षांसाठी घेतले असतील, तर त्याचा हप्ता ३८,०१८ रुपये. वर्षभराने शिल्लक सुमारे ४८ लाख ७८ हजार असताना दर अडीच टक्क्यांनी वाढून ९.२५ झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर महिन्याचे व्याजच ३७,६०० च्या जवळ जाते. मुद्दलाकडे जेमतेम चारशे रुपये वळतात आणि उरलेली मुदत १९ वर्षांवरून जवळजवळ ५० वर्षांवर जाते. प्रत्यक्षात दर एका दिवसात वाढला नाही, परंतु हप्ता तोच राहिला म्हणून निश्चिंत असलेल्या अनेकांना मुदत किती लांबली आहे हे विवरणपत्र हातात घेतल्यावरच कळले.

म्हणूनच ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने कर्जदात्यांना सूचना दिल्या, की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे वाढवायचे याचा पर्याय कर्जदाराला द्यावा आणि हप्ता महिन्याच्या व्याजापेक्षा कमी पडेल अशी स्थिती येऊ देऊ नये. हा पर्याय तुम्ही वापरा. दर वाढला की हप्ता वाढवून मागा, आणि दर उतरला तरी हप्ता तोच ठेवा. कर्ज घेण्याआधी १०.५ टक्के दराने हिशेब करून पाहा. २० वर्षांसाठी तो हप्ता ४९,९१९ रुपये येतो. तो भरताना घरखर्चाची ओढाताण होणार असेल, तर आजचा ४३,३९१ चा हप्ताही तुमच्यासाठी मोठा आहे असे समजा.

दराचा दुसरा भाग म्हणजे रेपोवर बँक लावत असलेली वरची टक्केवारी, जिला स्प्रेड म्हणतात. रेपो सगळ्यांना सारखाच असतो, पण स्प्रेड तुमच्या सिबिल गुणांवर, म्हणजे आधीची कर्जे कशी फेडली यावरून मिळणाऱ्या गुणांवर, आणि तुम्ही घासाघीस करता की नाही यावर बदलतो. जुन्या कर्जदाराचा स्प्रेड तसाच राहतो आणि नव्या ग्राहकाला त्याच शाखेत कमी दर मिळतो, हे चित्र मी सतत पाहत आले आहे. त्यामुळे दर दोन वर्षांनी आपला दर आणि नव्या ग्राहकाचा दर यांची तुलना करावी व थोडे शुल्क भरून दर कमी करून घ्यावा. पाच वर्षांनी ४४ लाख शिल्लक असताना दर अर्ध्या टक्क्याने उतरला, तर हप्ता सुमारे १,२८० रुपयांनी कमी होतो आणि उरलेल्या पंधरा वर्षांत २ लाख ३० हजार वाचतात. दुसऱ्या बँकेकडे कर्ज हलवताना मात्र प्रोसेसिंग फी, वकिलाची फी आणि गहाणाच्या कागदांवरील मुद्रांक शुल्क पुन्हा भरावे लागते, ते यातून वजा करा. हाउसिंग फायनान्स कंपन्यांवर बाह्य मानदंडाची सक्ती नाही. त्यांचा दर त्यांनी स्वतः ठरवलेल्या दराशी जोडलेला असू शकतो, आणि तो उतरायला वेळ लागतो. तुमचा कर्जदाता या दोन्हींपैकी कोण आहे ते आधी तपासा.

घर घेताना एकदाच जाणारे पैसे लोक पटकन विसरतात, म्हणून तेही लिहून ठेवा. पुण्यात मुद्रांक शुल्क व त्यावरील अधिभार मिळून ७ टक्के होतात. ६५ लाखांवर ४ लाख ५५ हजार, आणि नोंदणी शुल्क ३०,००० रुपये. खरेदी केवळ स्त्रीच्या नावे असेल तर एक टक्क्याची, म्हणजे ६५,००० रुपयांची सवलत मिळते, पण मग पतीला मालकी नसल्यामुळे व्याजावरील वजावट घेता येत नाही. ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला बँक घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच कर्ज देऊ शकते आणि त्या किमतीत मुद्रांक शुल्क व नोंदणी धरली जात नाही. त्यामुळे १५ लाख स्वतःचे आणि वर सुमारे पाच लाख, असे २० लाख तुमच्या खिशातून जातील. कर्ज मिळाल्यावर गहाणाची नोटीस ऑफ इंटिमेशन, म्हणजे घर गहाण ठेवल्याची नोंदणी कार्यालयाला द्यायची सूचना, ३० दिवसांत दाखल करावी लागते. ती वेळेवर केली नाही तर दंड बसतो. तुम्ही तयार घर घेत आहात हे चांगले. बांधकाम चालू असलेल्या, ४५ लाखांहून महाग घरावर ५ टक्के जीएसटी लागला असता, म्हणजे आणखी सव्वातीन लाख. शिवाय ताबा मिळेपर्यंत भाडे आणि उचललेल्या कर्जावरचे नुसते व्याज असे दोन्ही भरत राहावे लागले असते.

एका गोष्टीबाबत मात्र मला आग्रहाने सांगायचे आहे. मंजुरीच्या वेळी कर्जाला जोडून एकरकमी हप्त्याची विमा पॉलिसी पुढे केली जाते आणि ती रक्कम कर्जातच मिळवली जाते. समजा ती दीड लाखाची असेल, तर ८.५ टक्क्यांनी वीस वर्षांत तिचे ३ लाख १२ हजार होतात. ती घेणे कायद्याने बंधनकारक नाही. विमा मात्र हवाच, कारण दोघांपैकी एकाचे काही बरेवाईट झाले तर दुसऱ्यावर पूर्ण हप्ता येतो. तेव्हा दोघांनी कर्जाच्या रकमेएवढा स्वतंत्र मुदतविमा घ्यावा. ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जाबरोबर ‘की फॅक्ट स्टेटमेंट’, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटी व खर्च सांगणारे पत्रक, देणे बंधनकारक झाले आहे. त्यात फी, विमा आणि वकिलाचा खर्च धरून निघणारा वार्षिक दर, म्हणजे एपीआर, छापलेला असतो आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत द्यावे लागते. मराठीत मागा, आणि दोन बँकांची तुलना जाहिरातीतील दरावर न करता या एपीआरवर करा.

प्राप्तिकराबद्दल थोडक्यात. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वर्षाला २ लाखांपर्यंतची वजावट फक्त जुन्या करप्रणालीत मिळते. दोघेही मालक व सहकर्जदार असाल तर प्रत्येकाला वेगळी मिळते आणि ३० टक्क्यांच्या श्रेणीत एकाचे ६२,४०० रुपये वाचतात. नव्या करप्रणालीत ही वजावट नाही, आणि आता बहुतेक पगारदारांना नवीच प्रणाली फायद्याची ठरते. त्यामुळे करबचत धरून दर सहा टक्केच पडतो असे कोणी सांगितले, तर आधी स्वतःची करप्रणाली पाहा.

आता मूळ प्रश्न, म्हणजे दर वर्षी परत न येणारी रक्कम. पहिल्या वर्षी व्याज ४ लाख २१ हजार. तुमचे २० लाख घरात अडकले नसते तर सात टक्क्यांनी १ लाख ४० हजार मिळाले असते, तेही खर्चातच धरा. सोसायटीचा मेंटेनन्स, मिळकतकर आणि किरकोळ दुरुस्ती मिळून ६०,००० धरले, तर बेरीज ६ लाख २१ हजार होते. हप्त्यातील मुद्दलाचा भाग यात धरलेला नाही, कारण तो तुमच्याच मालकीत जमा होतो. भाड्याने राहिल्यास वर्षाचे २ लाख ६४ हजार जातात. फरक ३ लाख ५७ हजारांचा, म्हणजे घराच्या किमतीच्या साडेपाच टक्के. पहिल्या वर्षी घराची किंमत साडेपाच टक्क्यांनी वाढली तरच तुम्ही भाडेकरूच्या बरोबरीत येता. शिवाय मुद्रांक आणि नोंदणीचे पाच लाख आहेत: पाच वर्षांत घर विकले तर त्यांचा भार वर्षाला एक लाख पडतो, आणि पंधरा वर्षे राहिलात तर तेहेतीस हजारांच्या आत.

दहाव्या वर्षाचे चित्र वेगळे असते. व्याज ३ लाख ७ हजारांवर आलेले असते, तुमचे अडकलेले पैसे फेडलेल्या मुद्दलासह ३३ लाखांच्या आसपास गेलेले असतात आणि त्यांवरचे बुडीत उत्पन्न सुमारे २ लाख ३० हजार धरावे लागते. मेंटेनन्स वगैरे एक लाख धरला तर बेरीज ६ लाख ३७ हजार होते. दरम्यान भाडे वर्षाला सहा टक्क्यांनी वाढत गेले असेल तर ते महिन्याला ३७,००० च्या पुढे, म्हणजे वर्षाला जवळजवळ साडेचार लाख होते. फरक १ लाख ९० हजारांवर, मूळ किमतीच्या तीन टक्क्यांच्या आत येतो. हा हिशेब ढोबळ आहे, पण त्यावरून माझे मत स्पष्ट होते. त्याच शहरात, त्याच घरात दहा-बारा वर्षे राहण्याची खात्री असेल तर घर घ्या. चार-पाच वर्षांत बदली, परदेशातील नोकरी किंवा मोठे घर घेण्याचा विचार असेल, तर भाड्याने राहणे स्वस्त पडते, आणि त्यात पैसे वाया जातात असे मानण्याचे कारण नाही. स्वतःच्या घराचे समाधान, मुलांची शाळा न बदलणे आणि दर ११ महिन्यांनी करार नव्याने करण्यातून सुटका यांनाही किंमत आहेच. ती किती, हे तुम्हीच ठरवायचे आहे.

घर घेतलेत तर खर्च कमी करण्याचा सर्वांत परिणामकारक मार्ग म्हणजे सुरुवातीच्या वर्षांत मुद्दल फेडणे. बदलत्या दराच्या गृहकर्जावर व्यक्तीकडून मुदतपूर्व फेडीचा दंड घेता येत नाही. दर वर्षी एक जादा हप्ता भरला तर वीस वर्षांचे कर्ज सुमारे १६ वर्षे ८ महिन्यांत फिटते आणि सव्वादहा लाख वाचतात. पगारवाढीबरोबर हप्ताही दर वर्षी पाच टक्क्यांनी वाढवत नेला, तर ते १२ वर्षे आणि दोन-तीन महिन्यांतच संपते आणि व्याज ५४ लाखांऐवजी साडेचौतीस लाखांच्या आसपास राहते. रक्कम भरताना हप्ता कमी न करता मुदत कमी करावी असे अर्जात लिहून द्या आणि नवे परतफेडीचे वेळापत्रक हातात घ्या. हेच वीस लाख पंधराव्या वर्षानंतर वाचवता येत नाहीत, कारण तोवर बहुतेक व्याज भरून झालेले असते.

शेवटी तुमची ६ लाखांची ठेव. ती मोडून कर्ज ४४ लाख केल्यास हप्ता ५,२०७ रुपयांनी कमी होईल, पण मी ती मोडणार नाही. सहा महिन्यांचे हप्तेच २ लाख ६० हजार होतात, त्यात घरखर्च मिळवला की ही ठेव म्हणजे तुमचा एकमेव आधार उरतो. ७ टक्क्यांची ठेव ३० टक्क्यांच्या श्रेणीत कर जाऊन ४.८ टक्के देते आणि कर्ज ८.५ टक्के घेते, म्हणून ती राखण्याची किंमत वर्षाला सुमारे २२,००० रुपये आहे. ही किंमत टाळायची असेल तर ओव्हरड्राफ्ट पद्धतीच्या गृहकर्जाची चौकशी करा. त्यात जादा पैसे कर्जखात्यातच ठेवता येतात, तेवढ्यावर व्याज लागत नाही आणि गरज पडल्यास ते परत काढता येतात. मात्र अशा कर्जाचा दर बहुधा थोडा जास्त असतो. तो पाव टक्क्याने जास्त असेल तर ५० लाखांवर वर्षाला १२,५०० जादा जातात आणि तुम्हाला फायदा उरतो. अर्धा टक्का जास्त असेल तर २५,००० जातात. मग साधे कर्ज घ्या आणि ठेव आहे तिथेच राहू द्या.